बाल्कनीचा तह

आंतरराष्ट्रीय कायदा शिकवणाऱ्या सरांना विद्यार्थी पाठीमागे ‘नफातोटा’ म्हणत. सरांना हे ठाऊक होतं आणि मनातून ते आवडतही होतं, कारण त्यांचा अख्खा सिद्धान्त त्या चार अक्षरांत मावत होता. देश एकमेकांशी केलेले करार का पाळतात? बाकीचे प्राध्यापक म्हणत, नीतिमत्ता, परंपरा, मानवजातीची सदसद्विवेकबुद्धी. सर म्हणत, छट्! मोडणं महाग पडतं म्हणून पाळतात. आज मी तुझी बोट अडवली तर उद्या तू माझी अडवशील, आणि परवा तिसरा कुणी माझ्या वाऱ्यालाही उभा राहणार नाही. ज्या दिवशी मोडणं स्वस्त होईल त्या दिवशी मोडतील, त्यात तोंड पाडून बसण्यासारखं काही नाही. यावर सरांनी चारशे पानांचं पुस्तक लिहिलं होतं. ते अकरा जणांनी वाचलं होतं. त्यांपैकी नऊ जणांनी ते खोडून काढणारे लेख लिहिले, दहावा मुद्रितशोधक होता आणि अकरावे सर स्वतः.

इतकं असून सरांनी जन्मात कधी कुणाशी घासाघीस केलेली नव्हती. वॉशिंग मशीन घेताना दुकानदार आपणहून म्हणाला होता, “थोडे कमी करतो की,” तर सर गडबडून म्हणाले होते, “नको नको, असू दे.”

सरांच्या घरात सध्या दोन आया होत्या. एक त्यांची स्वतःची आणि एक बायकोची.

बायको दातांची डॉक्टर. तिची आई, म्हणजे सरांच्या सासूबाई, तीन वर्षांपासून त्यांच्याकडेच होत्या. निवृत्तीपूर्वी त्यांनी बंदरावर कस्टम्समध्ये तीस वर्षं लोकांच्या बॅगा उघडल्या होत्या. त्यामुळे अजूनही घरात कुणी पिशवी घेऊन शिरलं की त्या आधी पिशवीकडे बघत, मग माणसाकडे. सरांच्या आईनं तितकीच वर्षं कापडाच्या दुकानात काउंटरवर काढलेली. “नुसतं बघतेय हं,” म्हणणारी बाई तिच्यासमोरून निदान दोन मीटर घेतल्याशिवाय हललेली नव्हती.

आई दोन महिन्यांपूर्वी आली, ती जिन्यामुळे. तिचं जुनं भाड्याचं घर तिसऱ्या मजल्यावर, लिफ्ट नाही. एका दुपारी दुसऱ्या आणि तिसऱ्या मजल्याच्या मधल्या वळणावर तिचा पाय घसरला, घोटा मुरगळला, आणि ती तासभर तिथेच पायरीवर बसून राहिली. हाक का मारली नाहीस, असं विचारल्यावर म्हणाली, “लोक दुपारचे झोपलेले असतात, कशाला उगीच?” हे ऐकल्यापासून सर कुठलाही जिना टाळायला बघत. कॉलेजातही ते लिफ्टनं जायला लागले होते, पहिल्या मजल्यावरसुद्धा.

जुन्या घराचा मालक तळमजल्यावर घड्याळं दुरुस्त करायचा. त्यानं सांगून ठेवलं होतं, की महिन्याच्या तीस तारखेपर्यंत काय ते कळवा. घर सोडणार असाल तर किल्ली द्या, नसाल तर या परत. सरांना वाटत होतं किल्ली द्यावी, आईनं इथेच राहावं. आई म्हणायची, “बघू.” आणि या महिन्याच्या पहिल्या आठवड्यात तिनं हळूच पुढचं वाक्य काढलं.

“मी आपली माझ्या घरीच बरी रे. इथे सगळे चांगले आहेत. पण मला पाहुण्यासारखं वाटतं.”

“कुणी काही बोललं का?”

“छे! कुणीच काही बोलत नाही. तेच तर.”

ते खरंच होतं. दोन्ही विहिणी एकमेकींशी इतक्या अदबीनं वागत होत्या, की घरात श्वास घ्यायची चोरी झाली होती. बाल्कनीतल्या वेताच्या खुर्चीचंच बघा. बाल्कनी अरुंद, त्यात वॉशिंग मशीन, उरलेल्या जागेत एकच खुर्ची मावे. ऊन तिथे सकाळी दहा ते बारा एवढंच, आणि घरात गुडघे चार, चारही दुखरे.

“बसा ना विहीणबाई,” सासूबाई म्हणत.

“अहो, तुम्ही बसा. तुमची रोजची जागा.”

“रोजची कसली! मला उभंच बरं वाटतं. पाय मोकळे होतात.”

“माझेही.”

मग दोघी पाय मोकळे करत खुर्चीच्या दोन बाजूंना दहा मिनिटं उभ्या राहत आणि एकदमच आत येत. दोन तास खुर्ची एकटी ऊन खात बसे. मिठाच्या बरणीची वेगळी तऱ्हा. सासूबाईंच्या मते तिची जागा सिंकच्या वरच्या फळीवर, आईच्या मते शेगडीच्या डावीकडे. यावर दोघींनी एक शब्द उच्चारला नव्हता. पण एकीची पाठ वळली की दुसरी बरणी हलवायची. बरणी दिवसाला सरासरी सहा वेळा स्थलांतर करत होती आणि जेवणात मीठ कधी दोनदा पडत होतं, कधी पडतच नव्हतं.

संध्याकाळी दोन्ही वकिलाती उघडत. आई सरांना बाजूला घेऊन सांगायची, “त्यांना सांगू नकोस हं, पण आमच्या खोलीची खिडकी बंद ठेवून माझा जीव गुदमरतो.” पलीकडच्या खोलीत सासूबाई मुलीला सांगत, “त्यांना बोलू नकोस, पण उघड्या खिडकीनं माझी मान धरलीय.”

“हे बघ,” एका रात्रीच्या जेवणानंतर डॉक्टरीण सरांना म्हणाली, “तुझी आई निघायच्या बेतात आहे. पुन्हा त्या जिन्यावर. मला ते नकोय. आणि माझ्या आईला वाटतंय तिच्यामुळे चालल्यात, म्हणून तीही मावशीकडे जायचं म्हणतेय. वीस वर्षं तू जगाला शिकवतोयस ना, वैरीसुद्धा करार कसे पाळतात? मग दोन बायकांत एक खुर्ची वाटून दे की!”

“त्या दोन बायका नाहीत,” सर विचारात पडून म्हणाले, “दोन सार्वभौम सत्ता आहेत.”

“काय असतील त्या असोत. तीस तारीख जवळ येतेय.”

सर अभ्यासाच्या खोलीत शिरले ते दोन दिवस जेवायलाच तेवढे बाहेर आले. तिसऱ्या दिवशी, आठ तारखेला, जेवणाच्या टेबलावर तह ठेवला गेला. एक प्रस्तावना, नऊ कलमं, दोन प्रती. एक दिवस आड एकीची खुर्ची. बरणी सोमवार ते बुधवार डावीकडे, गुरुवार ते शनिवार फळीवर, रविवारी टेबलाच्या मधोमध, म्हणजे तटस्थ प्रदेशात. खिडकी सकाळी उघडी, दुपारी बंद. आणि कलम सात, ज्याच्यावर सरांचा खास जीव होता. करार मोडला तर काय? खुर्चीच्या बाबतीत मोडणाऱ्या पक्षानं त्या रात्रीची सगळी भांडी घासावीत. खिडकीच्या बाबतीत सगळ्या घराचे धुतलेले कपडे घड्या करून ठेवावेत. कलम नऊ होतं मध्यस्थाबद्दल: दोन्ही पक्षांत थेट बोलणी चालू असताना मध्यस्थानं, म्हणजे सरांनी, तोंड घालू नये.

“हे ‘उच्च करारकर्ता पक्ष’ म्हणजे कोण?” आईनं चष्मा पुसत विचारलं.

“तू.”

“मग ‘आई’ लिही की सरळ. शाई वाचेल.”

सासूबाईंनी आपली प्रत उजेडासमोर धरली, उलटी करून पाहिली, कोपरा नखानं खरवडला. “आत काही लपवलेलं नाही ना, जावईबापू?”

“नाही हो.”

“सगळे असंच म्हणतात,” म्हणून त्यांनी सही केली.

तीन दिवस सगळं आलबेल होतं. सर सकाळी बाल्कनीच्या दाराआडून खुर्चीकडे असे बघत, जसं शास्त्रज्ञ नळीतल्या रसायनाकडे बघतो. चौथ्या दिवशी, आईच्या पाळीला, आई बाल्कनीत गेली तर खुर्चीत सासूबाई डोळे मिटून बसलेल्या.

“विहीणबाई, आज माझा दिवस आहे ना?”

“हो, तुमचाच. मला माहितीये.”

“मग?”

“आज मी मोडतेय,” सासूबाई डोळे न उघडता म्हणाल्या. “कलम सात. रात्री भांडी घासीन.”

आई उभीच राहिली. दाराआड सर रोमांचित झाले. यालाच तर ते पुस्तकात ‘किफायतशीर करारभंग’ म्हणत. मोडणाऱ्याचा फायदा दंडापेक्षा मोठा असेल, तर खुशाल मोडावं आणि दंड भरावा, सगळ्यांचंच भलं! प्रकरण सहा, पान दोनशे तीन. इतक्या वर्षांत त्यांनी ते पहिल्यांदाच जिवंत पाहिलं.

रात्री सासूबाईंनी भांडी घासली. गुणगुणत. दुसऱ्या दिवशी त्यांचीच पाळी होती. तिसऱ्या दिवशी, पाळी आईची, पण खुर्चीत पुन्हा सासूबाई, आणि रात्री पुन्हा गुणगुणणं. पाचव्या दिवशी डॉक्टरिणीनं नवऱ्याला स्वयंपाकघराच्या दाराशी ओढत नेलं.

“बघ जरा. याला कोण शिक्षा म्हणेल?”

सासूबाई कोपरापर्यंत फेसात होत्या आणि चेहऱ्यावर समाधान ओसंडत होतं. “गरम पाण्यात बोटांचे सांधे काय मोकळे होतात गं!” त्या लेकीला म्हणाल्या. “इतकी वर्षं तुम्ही मला भांड्यांना हातच लावू देत नव्हता.”

सरांच्या लक्षात आलं. कलम सात लिहिताना त्यांनी गृहीत धरलं होतं, की जगाला भांडी घासणं आवडत नाही. जग म्हणजे सर. बाकी जगाला विचारायचं राहून गेलं होतं.

आणि कापडाच्या दुकानात उभं आयुष्य काढलेल्या बाईला घड्या घालायची शिक्षा देणारे तरी कोण? तेच. आईनं दुसऱ्याच दुपारी तावदानं सताड उघडली, घरभर वारा भरला आणि सगळ्या घराचे कपडे सहा मिनिटांत घड्या होऊन पलंगावर आले. शर्टांच्या कॉलरी अशा बसल्या होत्या, की डॉक्टरिणीला त्या घड्या मोडणं जिवावर आलं.

“अहो, खिडकी!” सासूबाई आतून ओरडल्या.

“मोडतेय!” आई बाहेरून ओरडली.

तिथून पुढे भांडणांना सुमारच राहिला नाही. जे दोन महिने गिळलं होतं ते सगळं बाहेर पडायला लागलं, तेही वरच्या पट्टीत. बरणीवरून दोघींची अशी जुंपायची, की शेजारचा माणूस उतरायच्या आधी लिफ्टच्या दाराला कान देऊन बघायचा.

“लाज वाटत नाही, रोज दुसऱ्याच्या खुर्चीत बसायला?”

“लाजेचं कलम दाखवा. कितवं?”

“तुमच्या मानेला वारा लागतो म्हणे! बंदरावर काय तीस वर्षं कपाटात बसून होतात?”

“आणि तुम्ही काय दुकान छपराविना चालवत होतात?”

सर हादरले. त्यांनी तातडीनं दुरुस्ती सुचवली, की दंड वाढवू, तिप्पट करू. दोघी सोफ्यावर शेजारी शेजारी बसल्या आणि ऐकून घेतलं.

“आम्ही बोललो यावर,” आई म्हणाली.

“आम्ही म्हणजे?”

“आम्ही,” सासूबाई म्हणाल्या. “दंड वाढवायला हरकत नाही. पण मधेच दर बदलताय, तर आमची भरपाई हवी. पायाखाली घ्यायला एकेक स्टूल. आणि चहातल्या साखरेवर तुमच्या डॉक्टरिणीनं बोलायचं नाही.”

“दोन चमच्यांपर्यंत,” आईनं भर घातली.

“तीन,” सासूबाई म्हणाल्या.

“बरं, तीन,” सर घाईघाईनं म्हणाले.

स्टुलं आली, साखर आली, दोन दिवस शांतता आली. तिसऱ्या दिवशी पुन्हा भंग, पुन्हा आरडाओरडा, पुन्हा सरांची धावाधाव, आणि टीव्हीचा रिमोट गेला. त्याच्या तिसऱ्या दिवशी सरांचं रोजचं वर्तमानपत्र आधी वाचायचा हक्क गेला. चौथ्या वेळी, सोफ्याजवळचा दिवा दोघींच्या खोलीत पोचल्यावर, सरांना थोडी शंका आली. पण सिद्धान्तात बसत नव्हती म्हणून त्यांनी ती बाजूला ठेवली.

या सगळ्यात एकोणतीस तारीख उजाडली. आईनं अजून ‘बघू’च्या पुढे अक्षर काढलं नव्हतं. त्या सकाळी सर दाढी करत होते, तर बाहेर कधी नव्हे अशी खडाजंगी उडाली.

“ते इथे येणार नाही!” सासूबाईंचा आवाज.

“येणार!”

“माझ्या डोळ्यांदेखत आत आणलंत तर याद राखा!”

“मग मी आजच जाते तिकडे!”

दार आपटलं. सर तोंडाला फेस तसाच ठेवून बाहेर धावले. आई दोघींच्या खोलीत होती, दार बंद. सासूबाई स्वयंपाकघरात पाठ करून उभ्या.

“काय झालं?”

“कलम नऊ, जावईबापू,” सासूबाई वळल्यासुद्धा नाहीत. “थेट बोलणी चालू आहेत.”

“आई?” सरांनी दारावर टकटक केलं.

“नऊ!” आतून आवाज आला.

आता स्वतःचंच कलम मोडायचं कसं? सर कॉलेजात गेले, पण त्यांचं चित्त थाऱ्यावर नव्हतं. त्यातून त्या दिवशी नेमकं विभागात त्यांचं व्याख्यान. विषय: ‘दुर्मीळ सूर्यप्रकाशावर दावा सांगणाऱ्या दोन शेजारी राष्ट्रांमधील करारपालन: एक अनुभवाधारित अभ्यास’. फळ्यावर सरांनी ‘अ’ आणि ‘ब’ अशी दोन राष्ट्रं काढली, मधे एक द्वीपकल्प. ‘अ’ वारंवार करारभंग करतं, ‘ब’ प्रत्युत्तर देतं, पण द्वीपकल्प मात्र कधीच रिकामं राहत नाही. शंभर टक्के वापर! आकडे निर्दोष होते. पुढच्या बाकावर विभागप्रमुख बाई बसल्या होत्या. व्याख्यान ऐकताना त्यांचे डोळे मिटलेले असत, पण लोकांना वाटायचं तसं त्या झोपलेल्या नसत.

“प्रश्न आहे,” त्या डोळे मिटूनच म्हणाल्या. “या ‘ब’ राष्ट्राला गुडघेदुखी आहे का?”

सरांच्या घरच्या खुर्चीची गोष्ट एव्हाना सगळ्या विभागाला ठाऊक झाली होती; मागच्या बाकावर खसखस पिकली. सर लाल झाले. “तपशील गोपनीय आहेत.”

“बरं. दुसरा प्रश्न. करार होण्यापूर्वी ही दोन राष्ट्रं एकमेकांची खुर्ची, आपलं, द्वीपकल्प घेत का नव्हती?”

“संकोचानं. एकमेकींचा मान राखून.”

“म्हणजे मोडणं तेव्हा फार महाग होतं. कुणी दर लावला नव्हता, तरी. मग तुम्ही आलात आणि सांगितलंत, मानाची किंमत एक रात्रीची भांडी. इतक्या स्वस्तात मिळाल्यावर कोण सोडेल? तुम्ही दंड नाही ठेवलात, भाव काढलात.” त्यांनी डोळे उघडले. “आता तो मान परत महाग कसा करणार?”

सरांच्या हातातला खडू मोडला. नऊ जणांनी त्यांना लेख लिहून खोडलं होतं, पण इतकं थेट कुणी खोडलं नव्हतं. ज्या मानानं दोन बायका दोन महिने उभ्या राहिल्या होत्या, तो त्यांनी नऊ कलमांत मोडीत काढला होता. आणि आता एकीनं म्हटलं होतं, मग मी आजच जाते तिकडे.

तेवढ्यात फोन वाजला. डॉक्टरीण. मागे कुणीतरी तोंड उघडं ठेवून ‘आ’ करत असल्याचा आवाज.

“अरे, घरी कुणी उचलत नाहीये. शेजाऱ्यांकडे आपली जादा किल्ली असते ना, त्यांना मी आत जाऊन बघायला सांगितलं. दोघीही घरात नाहीत. आणि आईंच्या जुन्या घराची किल्ली खिळ्यावर नाहीये.”

सरांनी श्रोत्यांना काय सांगितलं ते त्यांना नंतर आठवेना. विभागप्रमुख बाई म्हणतात, की ते ‘ब राष्ट्र’ एवढंच ओरडले आणि पळाले.

जुन्या घराच्या तळमजल्यावर घड्याळजीचं दुकान उघडं होतं, पण आत तो नव्हता. समोर जिना. सर कठडा धरून चढायला लागले. पहिला मजला. दुसरा. मग ते वळण. त्या पायरीवर ते थांबले. तासभर ती इथे बसली होती, लोकांची झोप मोडू नये म्हणून. आता ती इथेच राहायला येणार, आणि तेही आपण बुद्धी चालवल्यामुळे.

वरून भांडणाचा आवाज येत होता. सरांनी कान टवकारले. भांडण दोघींचं होतं खरं, पण एकमेकींशी नव्हतं.

“अहो, चार माणसं कशाला? दोघं पुरे,” आई म्हणत होती.

“आणि दोघांपैकी एक तुम्ही,” सासूबाई म्हणत होत्या. “एवढी वर्षं यांच्या येण्याजाण्यावर घड्याळं लावलीत, आता जरा टेबलाला हात लावा.”

“अहो, पण माझी कंबर...” हा घड्याळजी असणार.

सर उरलेल्या पायऱ्या दोन-दोन करत चढले. सगळ्यात वरच्या पायरीवर सासूबाई पदपथावर टाकलेल्या पोत्यासारख्या बसल्या होत्या आणि पिशवीनं वारा घेत होत्या.

“या जावईबापू. हा जिना आहे का सूड? तुमच्या आई यावर इतकी वर्षं चढल्या-उतरल्या आणि मी एका खेपेत अर्धी झाले. मला हा अपमान वाटतो.”

आत, खोलीच्या मधोमध, आईचं टेबल होतं. कापड बेतायचं, लांबलचक, लाकडी, कडेला मापाच्या खुणा कोरलेलं, खाली आठ खण. दुकान बंद झालं तेव्हा तिनं पगाराऐवजी ते मागून घेतलं होतं. त्याच्या एका टोकाला आई उभी होती, दुसऱ्या टोकाला घड्याळजी कंबर धरून.

“आई, तू... परत आलीस?”

“कुठे परत? किल्ली दिली यांना,” आई अशी म्हणाली, जसं काही चहाचा कप दिला. “मघाशीच. आज एकोणतीस ना? एक दिवस आधी दिली म्हणून खाली न्यायला हात लावणार आहेत. कबूल केलंय.”

“मी कबूल नाही...” घड्याळजी म्हणाला.

“केलंय,” दारातून सासूबाई म्हणाल्या.

सर भिंतीला टेकले. “मग सकाळचं भांडण?”

“या टेबलावरून. मी म्हटलं, येताना टेबल आणणार. या म्हणाल्या, एवढं धूड घरात येणार नाही.”

“बघितल्याशिवाय येणार नाही, म्हटलं,” सासूबाईंनी दुरुस्ती केली. “उद्या कोण काय घेऊन येईल! म्हणून आले तपासायला. आठही खण उघडून पाहिले. बटणं, टेप, खडू, दोन कात्र्या, आक्षेपार्ह काही नाही. सोडलं मी.”

“पण तू तर म्हणत होतीस तुला पाहुण्यासारखं वाटतं,” सर आईला म्हणाले.

“वाटत होतं रे. नुसतं बसा, बसा! कुणी धड खुर्चीतून उठवत नाही, की आवाज चढवत नाही. आणि आज सकाळी या काय म्हणाल्या ऐकलंस? ‘याद राखा!’” आईचा चेहरा उजळला होता. “पाहुण्याला कुणी असं म्हणतं का?”

सरांना हसू यायला लागलं आणि ते टेबलावर बसले. मोठा श्वास घेऊन म्हणाले, “तो तह मी रद्द करतो. चूक माझी होती. मला आत्ता कळलं.”

“हात लावायचा नाही त्याला!” दोघी एका सुरात म्हणाल्या.

घड्याळजी दचकला.

सासूबाईंनी पिशवीतून तहाची प्रत काढली. मागच्या कोऱ्या बाजूवर आईच्या ठळक अक्षरात नवीन कलमं होती आणि खाली दोन सह्या. भांडी कायमची सासूबाईंकडे. घड्या कायमच्या आईकडे. खुर्चीत जी आधी उठेल ती बसेल. बरणीचा प्रश्न पुढील भांडणांसाठी राखीव. आणि शेवटी: टेबल अभ्यासाच्या खोलीत लागेल, तिथे दोघी मिळून सोसायटीतल्या लोकांचे कपडे बेतून देतील, सध्या तिथे असलेलं सामान चपलांच्या कपाटाशेजारी हलवलं जाईल.

“सध्या तिथे असलेलं सामान म्हणजे मी,” सर म्हणाले.

“तू, तुझी पुस्तकं, तो गोल दिवा,” आई म्हणाली.

“आणि मला काय मिळतं?”

“तुम्हाला कसं मिळेल?” सासूबाईंना खरंच आश्चर्य वाटलं. “तुम्ही यात पक्ष नाही.”

“मग मी कोण?”

“प्रदेश,” सासूबाई म्हणाल्या.

सरांतला प्राध्यापक जागा झाला. “एक मिनिट. दोन पक्षांना तिसऱ्यावर त्याच्या संमतीशिवाय बंधन घालता येत नाही. हा मूलभूत नियम आहे. याला कुणाचाच विरोध नाही, माझासुद्धा नाही!”

“मग दे की संमती,” आईनं खणातला खडू झटकून बाजूला केला आणि त्याच खणातली पेन्सिल पुढे केली. “इथे. बारीक सही कर, जागा कमी आहे.”

वीस वर्षं सरांनी राष्ट्रांना शिकवलं होतं, की सही करण्यापूर्वी आपला फायदा तपासा, पर्याय बघा, घाई करू नका, समोरचा अधीर दिसला तर थांबा. त्यांनी आईच्या घोट्याकडे पाहिलं, मग दाराबाहेरच्या जिन्याकडे, आणि सही केली. तारीख घालायलाही ते विसरले, ती आईनं घातली. मग त्यांनी बायकोला फोन लावला.

“सापडल्या,” ते म्हणाले. “दोघी. टेबलासकट. हो, आई राहणार आहे. नाही, कायमची. अगं, ऐक तरी, आपली अभ्यासाची खोली गेली.”

पलीकडून डॉक्टरीण काय म्हणाली ते ऐकू आलं नाही, पण तिच्या खुर्चीतला पेशंट अडखळत अभिनंदन म्हणाला.

टेबल उचललं गेलं. पुढच्या टोकाला सर, मागच्या टोकाला घड्याळजी, खण सासूबाईंच्या ताब्यात, रीतसर मोजून. आई कठड्याला धरून मागून उतरत होती आणि सूचना देत होती. पहिल्या पंधरा पायऱ्या सुरळीत गेल्या. मग मजल्यांमधलं ते वळण आलं आणि टेबल भिंत आणि कठड्यामध्ये असं अडकलं, की खालून वर जाता येईना आणि वरून खाली.

“आधी आडवं करा!” आई म्हणाली.

“उभं करा आधी!” सासूबाई म्हणाल्या.

“आडवं केलं तर पाय तुटेल हो त्याचा!”

“उभं केलं तर तुमच्या जावयाचा तुटेल!”

“हा माझा मुलगा आहे, जावई तुमचा!”

“तेच म्हणतेय मी!”

दुपारची वेळ होती. दुसऱ्या मजल्यावरचं एक दार उघडलं आणि चोळामोळा झालेल्या केसांचा एक गृहस्थ डोळे चोळत डोकावला. “अहो, काय चाललंय? जरा झोपू द्याल का?”

“नाही!” आई खणखणीत आवाजात म्हणाली, आणि पुन्हा विहिणीकडे वळली.

घड्याळजीनं आपलं टोक कण्हत पायरीवर टेकवलं आणि टेबलाखालून वाकून सरांना विचारलं, “साहेब, तुम्ही सांगा ना काहीतरी. आडवं की उभं?”

“मला बोलता येत नाही,” सर म्हणाले, आणि आपलं टोकही सावकाश खाली ठेवून पायरीवर बसले. “थेट बोलणी चालू आहेत.”

बोलणी चाळीस मिनिटं चालली.